बिनफुलांचा उंबरा

आन्सेल्मो शिडीवर उभे राहून कॅमेलियाची फुलं कापत होते. कात्री स्वयंपाकघरातली, मासे साफ करायची होती आणि झाडाच्या जाड देठांवरून ती घसरत होती. खाली ठेवलेली टोपली निम्म्याहून अधिक भरली होती. काही लाल फुलं टोपली चुकवून ओल्या मातीत पडली होती. त्यांच्या अंगात काळा कोट होता, गळ्यात टाय होता आणि एका हाताने ते फांदीला असे धरून होते, की फांदीने त्यांना धरलं होतं हेच खरं वाटावं.

"निवडणुकीत पडणं वेगळं, वकीलसाहेब, आणि शिडीवरून पडणं वेगळं," कुंपणाच्या दगडी भिंतीपलीकडून आवाज आला. "शिडीवरून पडलं की पुन्हा उभं राहता येत नाही."

देओलिंदा भिंतीवर कोपर टेकून उभी होती. वरच्या अंगाचं घर तिचं. नवरा गेल्यापासून ती काळे कपडे घाले, आणि त्यालाही आता बरीच वर्षं झाली होती. गावात सगळे आन्सेल्मोंना 'मंत्रिसाहेब' म्हणत, ती मात्र 'वकीलसाहेब'च म्हणे. तिच्या नवऱ्याच्या मळ्याला वरच्या झऱ्याचं पाणी मिळावं म्हणून ते कधीकाळी कोर्टात उभे राहिले होते. ते पाणी अजून येत होतं. त्यानंतर ते काय काय झाले, याच्याशी तिला फारसं देणंघेणं नव्हतं.

"एवढी फुलं कशाला?" तिने विचारलं.

"उंबऱ्यावर घालायला. आज ईस्टर, चर्चचा क्रूस घरोघर येणार ना."

"आणि घरात दुखवटा आहे त्याचं काय? तुमच्या एतेल्विनाबाईंना जाऊन वर्ष कुठे झालंय?"

आन्सेल्मोंनी कात्री मिटली. देओलिंदाने त्यांच्याकडे पाहिलं आणि तिचा आवाज थोडा उतरला. दुखवट्याच्या घरी फूल घालत नाहीत, ती म्हणाली. नुसता पाला घालायचा, बडीशेपेचा आणि रोझमेरीचा. क्रूस त्यावरून आत येतो. हे तिने अशा सुरात सांगितलं, जसं एखाद्याला 'बूट आधी पायात घाला, मग नाडी बांधा' असं सांगावं.

ते खाली उतरले. टोपलीतली फुलं पाहून त्यांना कसंसंच झालं. भलत्याच घरी भलताच अहेर नेल्यासारखं.

"द्या इकडे," देओलिंदाने भिंतीवरून हात पुढे केला. "माझ्या उंबऱ्यावर टाकते. कापलेलं फूल काही परत झाडाला लागत नाही. नाहीतरी तुम्ही माझं काहीतरी देणं लागताच. तुमच्यामुळे माझ्याकडे क्रूस दर वर्षी उशिरा यायचा."

"माझ्यामुळे? मी तर इथे नसायचो."

"म्हणूनच तर."

टोपली कमरेवर घेऊन तिने मग ते सांगितलं. क्रूस घेऊन माणसं आली की एतेल्विनाबाई त्यावर ओठ टेकवायच्या. क्रूस धरणारा पुढे निघाला की त्याचं मनगट धरायच्या. 'थांब, अजून एक आहे,' म्हणायच्या आणि पुन्हा वाकायच्या. दुसरा मुका तिकडच्याचा, लिस्बनमधल्या नवऱ्याचा. पहिल्या वर्षी जुन्या पाद्रींनी भुवया चढवल्या होत्या. पुढे सगळ्यांना सवय झाली.

आन्सेल्मो कात्रीच्या पात्याला चिकटलेली पाकळी अंगठ्याने काढत राहिले.

"ती कधी बोलली नाही मला," ते म्हणाले.

"तुम्ही विचारलं असतं तर बोलल्या असत्या ना," देओलिंदा म्हणाली. तिने ते टोचून म्हटलं नव्हतं. फुलांचं वजन सांभाळत ती आपल्या अंगणाकडे वळलीसुद्धा होती.

बडीशेप मागच्या ओढ्याकाठी माजलेली होती. आन्सेल्मोंनी हाताने तोडून दोन पेंढ्या आणल्या आणि फाटकापासून उंबऱ्यापर्यंत पसरल्या. वाकायला त्रास होत होता, म्हणून शेवटी ते गुडघ्यांवर बसले. पाला सारखा पसरत नव्हता. कुठे ढीग होत होता, कुठे दगड उघडा राहत होता. एतेल्विना हे कसं करायची, हे त्यांनी कधी पाहिलंच नव्हतं. त्यांनी पाहिले होते ते दुसऱ्यांचे उंबरे, आणि तेही चालता चालता, वरून.

कोइंब्राहून कायद्याची पदवी घेऊन ते तालुक्याच्या गावी आले, तेव्हा औषधाच्या दुकानावरच्या एका खोलीत त्यांचं ऑफिस होतं. या भागात वकिलाचं पोट पाण्यावर चालतं, असं कोर्टात गमतीने म्हणत, आणि ते खरंच होतं. कोणाची पाण्याची पाळी सूर्य टेकडीवर आल्यावर सुरू होते आणि कोणाची चर्चची घंटा झाल्यावर, यावरून भाऊ भावाला कोर्टात खेचत असे. आन्सेल्मो त्या भांडणांत रमले. शेतांच्या बांधांवरून हिंडावं, म्हाताऱ्यांचं ऐकावं आणि मग कोर्टात काळा झगा घालून सावकाश, आवाज न चढवता बोलावं. ते बोलायला लागले की मागच्या बाकांवरची कुजबुज थांबायची. एतेल्विना तेव्हा इथल्या, लामोझोच्या शाळेत शिकवत होती. एकदा ती मुलांना कोर्ट दाखवायला घेऊन आली आणि मुलं कंटाळली तरी ती उठेना.

मग हुकूमशाही कोसळली. माणसं त्या औषधांच्या दुकानावरच्या खोलीत आली आणि म्हणाली, तुम्हाला बोलता येतं, तुम्ही उभे राहा. एकदाच जातो, असं त्यांनी एतेल्विनाला सांगितलं होतं. एकदाच म्हणता म्हणता दुसऱ्यांदा झालं, मग ते राज्यमंत्री झाले, मग युरोपच्या संसदेत, ब्रसेल्सला गेले. ती इथेच राहिली. तिची आई होती, शाळा होती, घर होतं. दोघांचं कधी भांडण झालं नाही. भांडायलाही माणसाने समोर असावं लागतं.

ईस्टरला घरी यायचं असं ते दर वर्षी ठरवत. पण जिल्ह्यातल्या सगळ्या गावांतून त्याच दिवसांत क्रूस फिरे, आणि पक्षाची माणसं म्हणत, साहेब, वर्षात हा एकच दिवस असा आहे, की सगळी दारं उघडी असतात. ते खरं होतं. क्रूसामागून चालत आन्सेल्मो घराघरांत शिरले होते. पांढरा टेबलक्लॉथ, पोर्ट वाइनचे छोटे ग्लास, अंड्यांचा पिवळाजर्द केक. घरचे क्रूसावर ओठ टेकवत, मग त्यांच्याशी हात मिळवत. केक मऊ झालाय, ते म्हणत, आणि खरंच मऊ असे. काही घरांपाशी मात्र गावचा कार्यकर्ता त्यांचं कोपर धरून थांबवी. 'इथे नको, साहेब. दुखवटा आहे. इथे रडारड असते.' मग ते रस्त्यावरच थांबत, सिगारेट पेटवत, रस्त्याची, पेन्शनची, द्राक्षांवरच्या रोगाची चौकशी करत. क्रूस आत जाऊन बाहेर येई. मिरवणूक पुढे निघे.

रात्री हॉटेलमधून ते घरी फोन करत.

"आला होता क्रूस?"

"आला होता."

"काय म्हणाले सगळे?"

"तुझी आठवण काढली."

पुढच्या वर्षी नक्की, ते म्हणत. ती 'हो' म्हणे. त्या 'हो'मध्ये विश्वास नसे, तसा रागही नसे. परक्या घरचा केक खाऊन जड झालेलं पोट सांभाळत ते फोन ठेवत आणि लगेच झोपी जात.

पाला पसरून झाल्यावर त्यांनी बैठकीच्या खोलीतलं टेबल मांडलं. टेबलक्लॉथ शोधताना त्यांना कोठीची खोली उघडावी लागली. तिथे भिंतीला तोंड करून शाळेचा फळा उभा होता. कमी मुलांच्या शाळा बंद करण्याच्या आदेशावर राज्यमंत्री म्हणून सही त्यांचीच होती आणि लामोझोची शाळा त्यांतलीच एक. त्याबद्दल एतेल्विना फोनवर एकच वाक्य बोलली होती. 'फळ्याचं काय करायचं?' खात्याची गाडी येऊन सामान घेऊन जाईल, असं त्यांनी सांगितलं होतं. गाडी आली नव्हती. त्यानंतर निवृत्तीपर्यंत ती बसने तालुक्याच्या शाळेत जात राहिली.

त्यांनी टेबलक्लॉथ काढला आणि कोठीचं दार ओढून घेतलं.

केक त्यांनी बेकरीतून आणला होता. ग्लास पुसून ओळीत ठेवले, वाइन ओतली. मग आरशासमोर उभं राहून टायची गाठ सारखी केली. संसदेत भाषण असलं की ते असंच आरशासमोर उभे राहून ते म्हणून पाहत. आज फार बोलायचं नव्हतं. आपला मुका घ्यायचा, मग क्रूस धरणाऱ्या आदेरितोचं मनगट धरायचं आणि म्हणायचं. त्यांनी हलकेच म्हणून पाहिलं.

"थांब, अजून एक आहे."

वाक्य छोटं होतं, पण 'एक' म्हणताना आवाज फाटला. त्यांनी पुन्हा म्हणून पाहिलं नाही.

आदेरितो हा दगडाचं काम करणारा. गावातले बरेच तरुण फ्रान्सला गेले, तो राहिला, आणि पाद्रींच्या वाट्याला पाच गावं आल्यापासून लामोझोत क्रूस तोच धरत होता. तो एतेल्विनाचा विद्यार्थी. आपल्या दोन्ही मुलांनाही तिनेच अक्षरओळख करून द्यावी अशी त्याची इच्छा होती. धाकटा शाळेत जायच्या वयाचा झाला आणि शाळा बंद झाली. दफनाच्या दिवशी तो आन्सेल्मोंच्या जवळ आला, टोपी हातात घेऊन थोडा वेळ उभा राहिला आणि काही न बोलताच निघून गेला होता.

खालून शोभेच्या दारूचा पहिला बाण आकाशात फुटला, तेव्हा ते दारात जाऊन उभे राहिले. घंटा ऐकू येऊ लागली. हातात धरायची छोटीच घंटा, पण दरीत तिचा आवाज मोठा होई. आधी गिरणीच्या घरी वाजली. मग काही वेळ बंद, आतली माणसं केक खात असतील. मग पुन्हा वाजली, रस्त्यावर, चढावर. कारंज्याजवळच्या घरी वाजली. आता मध्ये फक्त द्राक्षाच्या मांडवाखालची पाऊलवाट होती, आणि मग त्यांचं फाटक. आन्सेल्मोंनी कोटाचं बटण लावलं. हात कुठे ठेवावे ते त्यांना कळेना. ते मागे नेले, पुढे आणले.

घंटा थांबली.

ते वाट पाहत राहिले. मांडवाच्या कोवळ्या पानांतून कोणी येताना दिसत नव्हतं. कारंज्याच्या घरून चर्चच्या मागून जाणारी एक वरची वाटही होती. त्या वाटेने गेलं तर त्यांचं घर लागत नाही, थेट देओलिंदाचं लागतं. त्यांना ती वाट आठवली आणि एकदा आठवल्यावर दुसरं काही सुचेना. टोपी हातात घेऊन उभा राहिलेला आदेरितो आठवला. आपण त्याच्या जागी असतो तर कोणत्या वाटेने गेलो असतो, हा प्रश्न त्यांनी स्वतःला वकिलासारखा विचारला, आणि उत्तर त्यांच्याविरुद्ध गेलं.

घंटा वाजत नव्हती. एक कोंबडी फाटकातून आत आली, पाल्यात चोच मारून बाहेर गेली.

थोड्या वेळाने ते आत वळले. दार लावलं नाही, तेवढं मात्र त्यांच्याच्याने झालं नाही. त्यांनी टेबलावरचे ग्लास दोन खेपांत मागे स्वयंपाकघरात नेले. वाइन परत बाटलीत ओतताना थोडी सांडली. मग नळ सोडून ते एकेक ग्लास विसळायला लागले. घराच्या भिंती हातभर जाडीच्या होत्या आणि जुना नळ खडखड करत वाहत होता. ग्लास स्वच्छ झाले तरी ते विसळत होते. एतेल्विना इथेच, या खिडकीपाशी उभी राहून फोन घ्यायची. तार लांब होती. बोलता बोलता ती भांडी घासायची आणि त्यांना पलीकडे पाण्याचा आवाज ऐकू यायचा. 'नळ बंद कर ना,' ते म्हणायचे, 'काही ऐकू येत नाही.'

त्यांनी नळ बंद केला.

घंटा वाजत होती. अगदी जवळ, भिंतीपलीकडे, देओलिंदाच्या अंगणात.

म्हणजे वरच्या वाटेनेच गेले, त्यांच्या मनात आलं. ते टेबलक्लॉथ काढायला बैठकीच्या खोलीत आले आणि दारापाशीच थबकले. खोलीत बडीशेपेचा उग्र, गोडसर वास भरला होता. सकाळी तो असा नव्हता. उंबऱ्यावरचा पाला तुडवला गेला होता, दगडांना हिरवे डाग पडले होते, आणि पाल्याचे तुरे बुटांबरोबर आत, थेट टेबलापर्यंत आले होते. पांढऱ्या टेबलक्लॉथवर पाण्याचे थेंब होते. आशीर्वादाचं पाणी शिंपडतात तसे, तिरके, एका रेषेत. त्यांनी एका थेंबावर बोट ठेवलं. तो अजून कापडात पुरता मुरला नव्हता.

ते तसेच निघाले. ओले हात कोटाला पुसत फाटकातून बाहेर पडले आणि वरच्या घराकडे वळले. एरवी तेवढ्या चढावर ते एकदा थांबत, आज थांबले नाहीत.

देओलिंदाच्या उंबऱ्यावर त्यांची कॅमेलियाची फुलं दाट पसरली होती आणि माणसांच्या पायांखाली चुरडत होती. आत शेजारीपाजारी भिंतीला धरून उभे होते. लाल झगे घातलेले पुरुष मध्ये, आणि आदेरितो क्रूस घेऊन एकेकापुढे जात होता. क्रूसाला पांढऱ्या रेशमी फिती बांधल्या होत्या. देओलिंदा दाराशीच होती. तिने त्यांच्या कोटावरचे ओले पंजे पाहिले.

"कुठे होतात?" ती कुजबुजली. "थांबले होते ते तुमच्याकडे. बराच वेळ थांबले. कोणी हाक मारायला लागलं तर आदेरितोने मारू दिली नाही. दुखवट्याचं घर आहे म्हणाला, असतील आत, रडत असतील."

"घंटा नाही वाजली."

"दुखवट्याच्या घरी घंटा कुठे वाजते, वकीलसाहेब?"

त्यांना आठवला तो जिल्ह्यातल्या कितीतरी गावांचा रस्ता, कोपर धरणारा कार्यकर्ता, पेटवलेली सिगारेट. क्रूस आत गेला की आजूबाजूला कसं शांत वाटायचं. बोलायला तेवढाच निवांतपणा मिळतो, असं त्यांना तेव्हा वाटायचं.

देओलिंदाने त्यांना कोपराने थोडं पुढे सारलं. ते तिच्या घरच्या माणसांच्या ओळीत, शेवटी उभे राहिले. आदेरितो एकेक करत त्यांच्यापर्यंत आला. त्याच्या केसांत दगडाची पूड होती. ईस्टरला न्हाऊन आला असला तरी ती जात नसावी. त्याने नजर उचलून एकदा त्यांच्याकडे पाहिलं आणि क्रूस खाली, त्यांच्या तोंडाजवळ आणला.

आन्सेल्मो वाकले. धातू कोमट होता, इतक्या सगळ्यांच्या ओठांनी झालेला. त्यांनी मुका घेतला आणि वाक्य ओठांवर आलं. पण हे घर दुसऱ्याचं होतं. भिंतीला धरून माणसं उभी होती, सगळ्यांच्या नजरा त्यांच्यावर होत्या. हजारोंसमोर बोललेल्या माणसाला ते चार शब्द उच्चारता येईनात. ते सरळ झाले, मान किंचित लववली आणि भिंतीकडे मागे सरले.

घंटा धरणारा दाराकडे वळला. पाणी शिंपडणाराही वळला. अंगणात कोणीतरी पुढचा बाण पेटवायची तयारी करत होतं.

आदेरितो जागचा हलला नाही. क्रूस त्याने मागे घेतला नव्हता. फितींची टोकं तेवढी वाऱ्यावर हलत होती.

"थांबा रे," मागे न पाहता तो म्हणाला. "अजून एक आहे."

घंटेची जीभ कोणीतरी मुठीत धरली. आन्सेल्मो पुन्हा पुढे झाले. वाकण्याआधी त्यांनी हात पुढे केला आणि दगड फोडणाऱ्याचं ते जाड, खरखरीत मनगट धरलं.